नाळ कुणाची, ते आधी विचारा

प्रति,
नेत्यांच्या जन्मगावांचे आराखडे आखणारे, त्यांना निधी मंजूर करणारे आणि १२ मार्चला, यशवंतराव चव्हाणांच्या जयंतीला, हार घेऊन देवराष्ट्र्याला येणारे सर्वपक्षीय मान्यवर यांस,

स. न. वि. वि.

‘या मातीशी माझी नाळ जुळलेली आहे’ हे वाक्य मी आयुष्यात किती वेळा ऐकलं, मोजलेलं नाही. हायस्कुलात मराठी शिकवायचे, त्यामुळे पाहुणे आले की स्वागतगीत बसवायचं, मुलींना नऊवारी नेसवून ओवाळणीची ताटं देऊन उभं करायचं आणि मग मंडपाच्या कडेला उभं राहून भाषणं ऐकायची, हे काम ठरलेलं. वक्ते बदलले, पक्ष बदलले, गळ्यातल्या उपरण्यांचे रंग बदलले. नाळ तेवढी तीच राहिली.

एकदा शेजारी बसलेली एक म्हातारी पदराआडून हसायला लागली. मी विचारलं, काय झालं आजी? म्हणाली, ‘‘अगं बया, ह्याची नाळ हितं कुठनं आली? ह्यो तर पुण्याच्या दवाखान्यात झालाय की.’’

म्हातारीला अलंकार कळत नव्हता असं नाही. तिला नाळ माहीत होती. आमच्या भागात ‘तुझी नाळ कुठं पुरलीय?’ असं सरळ विचारतात आणि उत्तरात जागा सांगतात. परसात, न्हाणीच्या मागं, चुलीच्या खोलीच्या भिंतीलगत. खड्डा कोपरभर खोल घ्यायचा आणि वर दगड ठेवायचा, कुत्र्यानं उकरू नये म्हणून. नाळ कापते सुईण, ती पुरते घरातली एखादी वडीलधारी बाई, आणि दगड कुठला हे पुढं तिलाच ठाऊक असतं. पुरुषमाणूस त्या वेळी ओसरीवर बसलेला असतो. भाषणात मात्र नाळ त्याचीच होते.

म्हणून हे पत्र. विषय देवराष्ट्रे.

सांगली जिल्ह्यातलं, कडेगाव तालुक्यातलं हे गाव. यशवंतराव चव्हाणांचा जन्म इथं १२ मार्च १९१३ रोजी झाला. त्या वेळी गाव सातारा जिल्ह्यात होतं. १९४९ साली जिल्हा तुटून दक्षिण सातारा झाला आणि १९६० साली त्याचं नाव सांगली पडलं, तेव्हा राज्याचे मुख्यमंत्री यशवंतरावच होते. पुढं तालुकाही बदलला, खानापूरचं कडेगाव झालं. गाव जागचं हललं नाही, पण आपलं नाव वेगवेगळ्या रकान्यांत लिहीत राहिलं.

यशवंतराव देवराष्ट्र्याचे नव्हेत, हे मात्र तुमच्या भाषणांतून निसटतं. चव्हाण मूळचे विट्याकडचे. वडील बळवंतराव कराडच्या कोर्टात बेलीफ होते, म्हणजे संसार कराडला. देवराष्ट्रे हे विठाबाईंचं माहेर. घाडग्यांची लेक बाळंतपणाला माहेरी आली आणि तिथं मुलगा झाला, एवढीच ती गोष्ट. ज्याला आपण जन्मगाव म्हणतो ते यशवंतरावांचं आजोळ आहे.

आजोळी जन्मलेले ते एकटे नाहीत. गोपाळ कृष्ण गोखले गुहागरजवळच्या कोतळूकला जन्मले, ते त्यांचं आजोळ. लालबहादूर शास्त्री मुगलसरायला जन्मले, तेही आजोळी. शास्त्रीजी दीड वर्षाचे असताना वडील गेले आणि आई पोरांना घेऊन माहेरीच राहिली. बाळंतपण माहेरी करायची रीत आपल्याकडं इतकी पक्की, की थोरांच्या जन्मगावांची यादी काढली तर तीत कितीतरी नावं त्यांच्या आयांच्या गावांची निघतील. आणि कमानीवर? कमानीवर मुलाचं नाव, मुलाच्या बापाचं नाव, उद्घाटकाचं नाव, उद्घाटकासोबत ‘प्रमुख उपस्थिती’ असलेल्यांची नावं. जिच्यामुळं हे गाव त्या माणसाच्या जन्मदाखल्यात आलं, ती कुठंतरी तळाला, बारीक अक्षरात, किंवा नाहीच.

आता ते बाळंतपण. देवराष्ट्र्यात आणि आसपासच्या गावांत ही गोष्ट बायका अजून सांगतात, आणि यशवंतरावांनीही ती आपल्या आठवणींत सांगून ठेवली आहे. विठाबाई अडल्या होत्या. हाल फार झाले, शुद्ध राहिली नाही. दवाखाना नाही, डॉक्टर नाही. आजीनं गावाजवळच्या सागरोबाला साकडं घातलं, की माझ्या लेकीला यातनं सोडव, यश दे, तुझी आठवण म्हणून पोराचं नाव यशवंत ठेवीन. लेक वाचली, पोरगा वाचला, आणि नाव यशवंत राहिलं.

ही गोष्ट नावापाशी संपवायची सवय आपल्याला लागली आहे. केवढं समर्पक नाव, पुढं केवढं यश! मला त्या आजीचं यश दिसतं. तिनं मागितलेलं यश मुख्यमंत्रिपदाचं नव्हतं, संरक्षणमंत्रिपदाचं तर नव्हतंच. लेक जिवंत उठू दे, एवढंच ते होतं. महाराष्ट्राच्या पहिल्या मुख्यमंत्र्याचं नाव एका अडलेल्या बाळंतपणावरून पडलेलं आहे, ही गोष्ट तुमच्यापैकी कुणी व्यासपीठावरून सांगताना मी ऐकलेलं नाही.

काही वर्षांपूर्वी आठवीच्या वर्गाची सहल घेऊन गेले होते. सकाळी सागरेश्वर, म्हणजे तोच सागरोबा. तिथं मोठ्या देवळाभोवती लहान लहान देवळांची दाटी आहे, पोरांनी ती मोजायला घेतली आणि प्रत्येकाचा आकडा वेगळा आला. मग अभयारण्य. कधीकाळचा बोडका डोंगर, धों. म. मोहित्यांनी ध्यास घेतला, माणसांनी झाडं लावली, हरणं आणून सोडली आणि १९८५ साली त्याचं अभयारण्य झालं. चौरस किलोमीटर मोजाल तर अकराही भरणार नाहीत, पण चितळांचा कळप आडवा गेला की एसटीतली पोरं एका खिडकीला गोळा होतात आणि कंडक्टर ओरडतो. दुपारी देवराष्ट्रे. जन्मघर जपलेलं आहे, त्याबद्दल ज्यांनी ज्यांनी खटपट केली त्यांचे आभार मानते, कारण आपल्याकडं जुनं घर पाडून त्यावर स्लॅब टाकणं हेच सोपं असतं.

मी आपली ठरलेली माहिती सांगत होते. १९५६ साली द्वैभाषिक मुंबई राज्याचे मुख्यमंत्री, १ मे १९६० ला महाराष्ट्राचे पहिले मुख्यमंत्री, १९६२ ला चीनच्या युद्धात दिल्लीचं बोलावणं आलं, हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला... पोरं वहीत उतरवून घेत होती. आणि एका मुलीनं हात वर केला.

‘‘बाई, बाळंतिणीची खोली कुठली हो?’’

पोरं फिदीफिदी हसली. पोरांना मी दटावलं, पण मुलीला उत्तर देता आलं नाही. बत्तीस वर्षं शिकवूनही हा प्रश्न मला पडलेला नव्हता. परत येताना सबंध रस्ताभर मला आमच्या आजोळची अंधारी खोली दिसत होती.

ती खोली तुम्हाला ठाऊक नसेल, म्हणून सांगते. घराच्या पार आत, खिडकी असलीच तर हाताच्या पंज्याएवढी, तीही कापडाचा बोळा घालून बुजवलेली. सुंभाची बाज, तिच्याखाली घमेल्यात निखारे, त्यावर ओवा आणि बाळंतशेपा टाकून धुरी. दारात लिंबाचा डहाळा, उशाशी विळा. पाचवीला पाटा-वरवंटा पुजायचा आणि शेजारी कोरा कागद नि लेखणी ठेवायची, कारण त्या रात्री सटवाई येऊन बाळाचं नशीब लिहून जाते. माझ्या पाचवीला घरात कागद नव्हता, तर मामानं शाळेच्या वहीचं पान फाडून दिलं आणि दुसऱ्या दिवशी गुरुजींचा मार खाल्ला. आई सांगायची, तुझ्या नशिबात शाळा लिहिली ती तिथंच. कागद दुसऱ्या दिवशी कोराच असतो, ते कुणी तपासत नाही.

अशीच एक खोली १९१३ च्या मार्चमध्ये देवराष्ट्र्यात होती. सुईण होती. तिचं नाव काय? कुठल्या घरातली? मला माहीत नाही, आणि माझी खात्री आहे, तुमच्या एकाही आराखड्यात तिचा शोध घ्यायला चार आण्यांची तरतूद नाही.

पुढचंही ऐका. यशवंतराव चार-पाच वर्षांचे असताना वडील प्लेगात गेले. विठाबाईंनी पोरं वाढवली. पहाटे जात्यावर बसून ओव्या म्हणायच्या, त्यातल्या एका ओवीत त्या पोरांना धीर देतात, की चंद्र-सूर्यावर आलेला ढगसुद्धा निघून जातो. बाईला अक्षरओळख नव्हती. १९३२ साली पोरगा सत्याग्रहात तुरुंगात गेला. माफी मागितली तर सुटेल असं कुणी सुचवलं, तेव्हा तिनं ते तोडून टाकलं आणि पोराला फक्त तब्येत सांभाळायला सांगितलं. ज्या धीरोदात्तपणाचं तुम्ही १२ मार्चला वर्णन करता, त्याचा उगम शोधायला यशवंतरावांच्या चरित्रात फार पुढं जावं लागत नाही. पहिल्याच पानावर ती बाई बसलेली आहे.

मुख्यमंत्री झाल्यावर यशवंतरावांनी ज्यांचं वर्षाचं उत्पन्न १२०० रुपयांच्या आत आहे त्यांच्या मुलांना फी माफ केली. आमच्याकडं या सवलतीला ‘ईबीसी’ (आर्थिकदृष्ट्या मागास वर्ग) म्हणतात, अजून म्हणतात. माझा तोच मामा, वहीचं पान फाडणारा, ईबीसीवर बी.ए. झाला. तलाठ्याकडून उत्पन्नाचा दाखला आणायला आजोबा दोन दिवस चावडीवर बसून होते, हे तो मरेपर्यंत सांगायचा. या सवलतीचा उगम कुठल्या समितीच्या अहवालात आहे ते अभ्यासक सांगतील. मला तो जात्यापाशी दिसतो.

आता माझ्या आयुष्यातला एक प्रसंग सांगते आणि मग मागण्यांकडं वळते. १९८६ साल. मी बाळंतपणाला माहेरी, देवराष्ट्र्यापासून फार लांब नाही. रात्री दोनला कळा सुरू झाल्या आणि पहिलटकरीण म्हणून गावातल्या सुईणीनं हात वर केले. गाडी नाही. उसाचा सीझन होता, ट्रॅक्टर होता. ट्रॉलीत पाचट टाकलं, पाचटावर वाकळ, वाकळेवर मी. आई डोकं मांडीवर घेऊन बसलेली. ओढ्याच्या उताराला ट्रॉलीनं असा हिसका दिला, की मला वाटलं पोर इथंच होतंय. ज्या सरकारी दवाखान्यात नेलं तिथं दाराला कडी होती, आतून कुणी येईना. उजाडता उजाडता एक नर्स आली, तिनं सोडवलं. मुलगा आहे, आता चाळिशीला टेकला. पण त्या तीन तासांत आई सारखं एकच पुटपुटत होती, ‘सागरोबा, सागरोबा, सागरोबा.’

१९१३ ला आजीकडं सागरोबा होता. १९८६ ला माझ्या आईकडंही सागरोबाच होता. मधल्या त्र्याहत्तर वर्षांत स्वातंत्र्य आलं, राज्य आलं, ऊस आला. पुढं ताकारी योजनेनं कृष्णेचं पाणी चढवून या कोरड्या पट्ट्यात आणलं, त्यानं माणसांची रया बदलली, हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे आणि ते नाकारणारी मी नव्हे. १०८ नंबर आला, रस्ते झाले, हेही खरं. तरी रात्री दोनच्या गाडीचा प्रश्न मी अजून बायकांना विचारते, आणि उत्तर प्रत्येक वस्तीत वेगळं मिळतं.

देवराष्ट्र्यात नेमकं काय आहे आणि काय नाही, याचा हिशेब मी इथं मांडणार नाही. मी त्या गावची नाही. तो हिशेब तिथल्या बायका मांडतील, फक्त त्यांना विचारायला पाहिजे. आणि विचारायची जागा कायद्यानंच करून ठेवली आहे, तिला महिला ग्रामसभा म्हणतात. ती कागदावर उरकायची नसते.

जिल्हा परिषदेचा कायदा १९६१ चा, आणि १ मे १९६२ ला महाराष्ट्रात पंचायत राज सुरू झालं, ते यशवंतरावांच्याच हातून. निर्णय मुंबईत न होता खाली व्हावा, चुका झाल्या तरी खालच्या माणसाला करू द्याव्यात, ही त्यामागची भूमिका. आणि त्याच माणसाच्या जन्मगावाचा आराखडा वरून येणार, सल्लागार कंपनीनं संगणकावर काढलेली रंगीत चित्रं येणार, त्यात गावात कधी न उगवणारी झाडं आणि गावात कधी न दिसणारी गोरी माणसं फिरताना दाखवलेली असणार, मग ग्रामपंचायतीनं ठराव करून फक्त सही करायची! सहीसाठी सरपंचबाईंना बोलावतात आणि चहा त्यांच्या यजमानांना देतात, तो भाग वेगळाच.

तर मागण्या. फार नाहीत.

नवा पुतळा नको. कराडला प्रीतिसंगमावर समाधी आहे, २५ नोव्हेंबरला तुम्ही तिथं जाता, गर्दी होते, फोटो होतात, ते तिथं शोभतं. आजोळला पुतळ्याची भाषा कळत नाही. आजोळी माणूस धाकटाच असतो.

आराखडा करण्याआधी महिला ग्रामसभा घ्या आणि तिच्यात जे येईल ते जसंच्या तसं पहिल्या पानावर लिहा. कुणी म्हणेल बाळंतिणीसाठी रात्रीची गाडी, कुणी म्हणेल मुलींसाठी संध्याकाळी उजेड असलेली अभ्यासिका, कुणी म्हणेल श्रावणी सोमवारी सागरेश्वरला येणाऱ्या बायकांसाठी धड मोऱ्या. शेवटची मागणी येणारच, मी पैज लावते. तिला हसू नका.

गावातल्या आणि वाडीवस्तीवरच्या ऐंशीच्या पुढच्या बायकांच्या ओव्या, पाळणे, बाळंतपणाच्या गोष्टी ध्वनिमुद्रित करून घ्या, आणि हे काम या वर्षी करा. पुढच्या पंचवार्षिकला त्यातल्या किती जणी असतील? जी गोष्ट यशवंतरावांच्या आजीची म्हणून सांगितली जाते, ती सांगणाऱ्या म्हाताऱ्या मी तीस वर्षांपूर्वी ओळखत होते. आता त्यांच्या सुना सांगतात, आणि त्यांच्या सांगण्यात नवस आहे पण वेदना थोडी कमी झाली आहे.

शाळांना एक दिवसाचा रस्ता आखून द्या. सागरेश्वर, देवराष्ट्रे, मग कुंडल, मग किर्लोस्करवाडी. कुंडलला इंग्रजांविरुद्ध उभ्या राहिलेल्या प्रतिसरकारच्या तुफान सेनेच्या गोष्टी आहेत, ७ जून १९४३ ला शेणोलीजवळ पगाराची रेल्वे लुटली त्याची हकीकत आहे. किर्लोस्करवाडीला १९१० साली माळरानावर नांगराचा कारखाना कसा उभा राहिला ते पाहायला मिळतं. एवढ्याशा टापूत इतकं काही एका पिढीच्या आत घडलं. देवराष्ट्रे एकटं दाखवलं तर पोरांना एक घर दिसतं. हे सगळं जोडून दाखवलं तर ज्या मातीचं तुम्ही भाषणात नाव घेता, ती दिसेल. आणि सहलीला येणाऱ्या मुलींसाठी प्रत्येक ठिकाणी चालू अवस्थेतलं स्वच्छतागृह हवं. हे वेगळं लिहावं लागतं, कारण ते आराखड्यात असतं आणि त्याला कुलूप असतं.

राहिला फलक. मजकूर मी लिहूनच पाठवते, म्हणजे समिती नेमायला नको:

‘हे विठाबाईंचे माहेर. येथे दि. १२ मार्च १९१३ रोजी त्या अडल्या, वाचल्या, आणि त्यांचा मुलगा यशवंत जन्मला.’

एका आकाराची अक्षरं, खाली कुणाचंही नाव नाही, सौजन्य नाही. काळ्या दगडाचा करू, टिकतो. आम्ही सतरा जणींची भिशी आहे, सगळ्या याच टापूतल्या माहेरवाशिणी. यंदाच्या दोन महिन्यांची रक्कम आम्ही बाजूला काढली आहे आणि कोरीव काम करणाऱ्याकडून दरही घेऊन ठेवला आहे. तुमच्याकडून पैसे नकोत. गावाची संमती आम्ही गावाकडून मागू. ज्या खात्याची परवानगी लागते, त्या खात्याला एक ओळीचं पत्र तेवढं द्या.

आपली,
जुन्या खानापूर तालुक्यातली एक माहेरवाशीण
(निवृत्त शिक्षिका)